फ्लॅशच्या काळातले विडंबनी फॅन गेम: कुठून आले, काय ठेवून गेले

परभणीच्या एका अ‍ॅनिमेशन शिकणाऱ्या मुलाचा प्रश्न आहे. मामांचा सायबर कॅफे कधीच बंद झाला, पण तिथल्या एका हार्ड डिस्कवर त्याला एसडब्ल्यूएफ फाइल्सचं, म्हणजे फ्लॅश या सॉफ्टवेअरमध्ये करून ब्राउझरमध्ये चालवायच्या गेमचं, मोठं फोल्डर सापडलं. त्यात मारिओ, सॉनिक, पोकेमॉन यांची नक्कल करणारे, त्यांची टर उडवणारे बरेच फॅन गेम, म्हणजे चाहत्यांनीच केलेले गेम, आहेत आणि कुठल्याही कंपनीचं नाव त्यांच्यावर नाही. हे कोणी केले, कशासाठी केले, आज त्यांना काही मोल आहे का, आणि आपण तसा गेम केला तर कायद्यात बसेल का, असं त्याने विचारलंय. शेवटच्या वर्षाचा प्रकल्प त्याला याच विषयावर करायचाय. छत्रपती संभाजीनगरात या धंद्यात माझा बराचसा काळ फ्लॅशवरच गेला. आधी शैक्षणिक सीडी, मग ब्राउझरवरचे गेम, आता शिकवणं. त्यामुळे त्यालाच उद्देशून जरा सविस्तर लिहितो.

आधी मुद्द्याचं. हे गेम चोरीचा माल म्हणून बाजूला टाकू नका. एकट्या माणसाने, घरच्या कॉम्प्युटरवर, कुणाची परवानगी न घेता अख्खा गेम करायचा, हे ज्या पिढीने शिकून घेतलं ती या गेमवरच हात बसवत शिकली. विडंबनात नवख्याचं अर्धं काम आधीच झालेलं असतं. पात्र कोण, नाणं दिसलं की घ्यायचं, कासवाच्या डोक्यावर उडी मारायची, हे खेळणाऱ्याला पाठ असतं. मग करणाऱ्याची सगळी ताकद एकाच प्रश्नावर लागते: यातलं नेमकं काय बदलायचं? गेम डिझाइन म्हणजे मुळात हाच प्रश्न आहे.

आता हत्याराविषयी. १९९६ साली फ्यूचरवेव्ह नावाच्या छोट्या कंपनीने फ्यूचरस्प्लॅश अ‍ॅनिमेटर बाजारात आणलं. जोनाथन गे हा त्यामागचा मुख्य प्रोग्रामर. त्याच वर्षाच्या शेवटी मॅक्रोमीडियाने ते विकत घेतलं आणि त्याचं फ्लॅश झालं. हे चित्र काढायचं सॉफ्टवेअर होतं, गेम करायचं नव्हतं. चित्रं व्हेक्टरमध्ये, म्हणजे रेघांच्या गणितात साठवलेली, त्यामुळे फाइल लहान. फोनच्या वायरवरून येणाऱ्या इंटरनेटला सेकंदाला चार-पाच किलोबाइट मिळाले तरी नशीब, अशा काळात तीनशे किलोबाइटचा गेम मिनिटभरात उतरायचा. चित्र, हालचाल, आवाज, प्रोग्राम सगळं त्या एका फाइलमध्ये. पुढे जे काही घडलं त्याचं अर्धं श्रेय मी या एका फाइलला देतो.

गेमसाठी नसलेल्या या हत्यारातून लोकांनी गेम कसा काढला, हे बघण्यासारखं आहे. टॉम फल्पने १९९९ साली ‘पिकोज स्कूल’ केला. अमेरिकेतल्या शाळेतल्या गोळीबारावरचा, आजही अंगावर येणारा विषय. तेव्हा फ्लॅश ३ होतं आणि त्यात प्रोग्रामिंगची भाषा म्हणावी अशी नव्हतीच. टाइमलाइन (एकामागून एक फ्रेम, म्हणजे स्थिर चित्रं, मांडायची पट्टी), बटणं, आणि एका क्लिपने (स्वतःच्या फ्रेम असलेल्या हलत्या तुकड्याने) दुसऱ्या क्लिपला ‘अमुक फ्रेमवर जा’ म्हणायची सोय, एवढंच भांडवल. आकडा साठवायला जागा नाही. मग शत्रूची ताकद मोजायची कशी? त्या काळची युक्ती अशी: दहा फ्रेमची एक क्लिप करायची आणि प्रत्येक फटक्याला तिला एक फ्रेम पुढे ढकलायचं. दहाव्या फ्रेमवर पोचली की शत्रू मेला. टाइमलाइनच स्मरणशक्ती म्हणून वापरायची. मी आजही पहिल्या सत्रात मुलांना कोडिंगशिवाय हे करायला लावतो, कारण ‘स्टेट’, म्हणजे गेमची त्या क्षणाची अवस्था, म्हणजे काय हे त्यातून जितकं डोक्यात बसतं तितकं कुठल्याही व्याख्येने बसत नाही.

फ्लॅश ४ मध्ये व्हेरिएबल, म्हणजे आकडे साठवायच्या जागा, आल्या, २००० च्या फ्लॅश ५ मध्ये अ‍ॅक्शनस्क्रिप्ट ही प्रोग्रामिंगची भाषा आली. त्याच वर्षीच्या एप्रिलमध्ये फल्पच्या न्यूग्राउंड्स या वेबसाइटवर आपोआप चालणारं पोर्टल सुरू झालं. कोणीही फाइल चढवावी, ती लगेच दिसावी, लोकांनी शून्य ते पाच गुण द्यावेत, फारच कमी गुण पडले तर गेम उडवला जावा. संपादक नाही, प्रकाशक नाही. उडालेला गेम दुरुस्त करून पुन्हा चढवायचा. चौदा-पंधरा वर्षांच्या पोरांचं काम त्याच रात्री हजारो अनोळखी माणसं तपासत होती. असं कठोर आणि फुकटचं परीक्षण त्याआधी कुठल्याच शिकाऊ माणसाला मिळालेलं नव्हतं.

मग विडंबनांचा पूर आला आणि त्यात फारसं गूढ काही नाही. जुन्या निन्टेन्डो-सेगाच्या गेममधली पात्रांची चित्रं लोकांनी फ्रेम-फ्रेम काढून तक्त्यासारखी मांडून ठेवली होती, आवाजही तसेच. चित्रकला येत नसली तरी गेम करता येत होता. पात्राच्या क्लिपवर ‘एंटरफ्रेम’ लावायचं, म्हणजे फ्लॅशच्या ठरलेल्या वेगाने सेकंदाला बारा वेळा तोच प्रश्न विचारला जातो: उजवी की दाबलीय का? दाबली असेल तर क्लिप पाच पिक्सेल उजवीकडे. उडीसाठी वेग उणे पंधरा द्यायचा (फ्लॅशमध्ये वरची दिशा उणे) आणि दर फ्रेमला त्यात एक मिळवायचा. पंधराव्या फ्रेमला वेग शून्य होतो आणि माणूस आपोआप खाली येऊ लागतो. शत्रूला टक्कर झाली का, हे ‘हिटटेस्ट’ सांगायचं. ही टक्कर क्लिपभोवतीच्या अदृश्य चौकोनाची मोजली जाई, पात्राच्या आकाराची नाही. म्हणून त्या काळच्या गेममध्ये काटा अंगाला न लागताच माणूस मरतो. तुमच्या फोल्डरमधले दोन-चार गेम खेळून बघा, कोपऱ्याशी मरण आलं की समजायचं, हिटटेस्ट.

या गेममध्ये सगळंच विडंबन नव्हतं, हे प्रकल्पात नीट वेगळं करा. २००६ चा ‘सुपर स्मॅश फ्लॅश’ ही प्रेमाने केलेली नक्कल आहे. आवडता महागडा गेम घरी नाही, तर आपणच करू, अशी. २००९ चा ‘सुपर मारिओ ६३’ त्याच जातीचा, पण त्यात लेव्हल बनवायची सोय दिली होती आणि बनवलेली लेव्हल मजकुराच्या कोडमधून दुसऱ्याला देता येत होती. खेळणारा तिथेच करणारा झाला.

माझ्या मते या सगळ्यात अभ्यासायला सगळ्यात चांगला गेम एप्रिल २०१० चा ‘सुपर मारिओ क्रॉसओव्हर’. लेव्हल जुन्या मारिओच्याच: तेच पाइप, त्याच विटा. पण खेळायला लिंक, मेगा मॅन, सॅमस अशी दुसऱ्या गेममधली पात्रं, आपापल्या चालींसकट. मेगा मॅन लांबूनच गोळी घालतो, सॅमस गोळा होऊन बॉम्ब टाकते, लिंककडे तलवार. मारिओच्या उडीसाठी मोजून बांधलेली खोली वेगळ्या अंगाच्या माणसाने चालली की मूळ डिझाइनरने प्रत्येक वीट तिथेच का ठेवली होती, हे पहिल्यांदा दिसतं. यात विनोद आहे, पण त्याहून जास्त समीक्षा आहे. शब्द न वापरता केलेली.

जानेवारी २०१२ चा ‘अबोबोज बिग अ‍ॅडव्हेंचर’ दुसऱ्या टोकाचा. ‘डबल ड्रॅगन’मधला मार खाणारा राक्षसी गुंड इथे नायक, त्याचा मुलगा पळवलेला, आणि तो सोडवायला तो एकामागून एक जुन्या गेममध्ये घुसतो. प्रत्येक लेव्हल त्या-त्या मूळ गेमच्या नियमांनी चालते. हा गेम करायला काही वर्षं लागली आणि पैसे मिळवायचा हेतू नव्हता. विडंबन करणाऱ्याला मूळ गोष्ट चाहत्याहून जास्त माहीत असावी लागते, याचा याहून चांगला पुरावा मी पाहिलेला नाही. आपल्या पैठणच्या नाथांच्या भारुडात जोशी, वासुदेव, गोंधळी येतात तेव्हा त्यांची बोलण्याची ढब आधी अचूक उतरते आणि मगच आतला अर्थ फिरतो. ऐकणाऱ्याला ढब ओळखीची नसेल तर फिरलेलं काहीच पोचत नाही. अबोबोचंही तेच, मूळ गेम न खेळलेल्या मुलाला तो नुसता आरडाओरडा वाटतो.

तिसरी जात टीकेची. इटलीच्या मोलेइंडस्ट्रिया या गेम करणाऱ्या गटाने २००६ मध्ये बर्गरच्या साखळी दुकानांचं धंद्याचं गणित खेळायला लावणारा गेम केला. जंगल तोडल्याशिवाय, गुरांना वाटेल ते खाऊ घातल्याशिवाय त्यात नफाच होत नाही. डिसेंबर २००८ मध्ये इराकी पत्रकाराने बुशवर बूट फेकले, तर काही दिवसांत बूट फेकायचा गेम तयार. वर्तमानपत्रातल्या व्यंगचित्राच्या वेगाने गेम निघू लागला, हे त्याआधी शक्यच नव्हतं. आणि ‘मीट बॉय’ची गोष्ट तर सांगायलाच हवी. २००८ चा फ्लॅश गेम, त्यातून २०१० चा विकत मिळणारा ‘सुपर मीट बॉय’. प्राण्यांच्या हक्कांसाठी लढणाऱ्या पेटाने त्यावर ‘सुपर टोफू बॉय’ हे फ्लॅश विडंबन काढलं, तर मूळ गेमवाल्यांनी टोफू बॉयलाच आपल्या गेममध्ये खेळायचं पात्र म्हणून घेतलं. विडंबनाला उत्तर द्यायची ही रीत मला फार आवडते.

आपल्याकडे हे गेम पोचले ते सायबर कॅफेतून. मराठवाड्यात तेव्हा लोडशेडिंगचे तास मोठे, आणि लाइट असली तरी नेटचा भरवसा नाही. पण गेम एकदा उतरला की विंडोजच्या टेम्पररी इंटरनेट फाइल्समध्ये पडून राहायचा. तिथून कॉपी करून डेस्कटॉपवरच्या ‘गेम्स’ फोल्डरमध्ये टाकला की नेटशिवाय चालला. गिऱ्हाईक टिकवायला कॅफेवाले हेच करत. मग पेन ड्राइव्ह, मग एमएससीआयटीच्या लॅब, मग कॉलेज. तुमच्या मामांच्या डिस्कवरचं फोल्डर असंच जमलेलं असणार. म्हणूनच करणाऱ्याची नावं गळाली: गेम मूळ जागेवरून उचलला गेला तेव्हा आजूबाजूची माहिती तिथेच राहिली.

मराठीत असे गेम का कमी निघाले, याचं एक कारण निव्वळ तांत्रिक आहे. जुन्या फ्लॅश प्लेअरला युनिकोड देवनागरी धड मांडता येत नव्हती. वेलांटी भलत्या बाजूला, जोडाक्षरं फुटलेली. २००८ च्या फ्लॅश प्लेअर १० मध्ये नवं टेक्स्ट इंजिन आलं तेव्हा कुठे मार्ग निघाला. तोवर आम्ही शिवाजी किंवा श्रीलिपीसारख्या, इंग्रजी अक्षरांच्या जागी मराठी आकार दाखवणाऱ्या जुन्या फॉन्टमध्ये टाइप करून ‘ब्रेक अपार्ट’ ही आज्ञा मारायचो. कंट्रोल-बी एकदा मारलं की वाक्याची अक्षरं सुटी, दुसऱ्यांदा मारलं की अक्षरांची चित्रं. मग कुठल्याही कॉम्प्युटरवर मजकूर शाबूत दिसतो, पण ‘गुण: ४०’ असा बदलता आकडा दाखवायचा तर दहाही आकड्यांच्या दहा फ्रेमची क्लिप करावी लागायची. संवादांनी भरलेलं विडंबन अशा कष्टात कोण करणार? आणि विडंबनाची निम्मी मजा तर बोलीत असते.

तरी भारतातली दोन उदाहरणं प्रकल्पात घ्याच. २०१२ च्या सुरुवातीला शादी डॉट कॉमने फेसबुकवर ‘अँग्री ब्राइड्स’ आणला. ‘अँग्री बर्ड्स’चं नाव आणि ढंग, पण फेकायच्या त्या चपला आणि झाडू, हुंडा मागणाऱ्या नवरदेवांवर. दुसरं उदाहरण त्याहून महत्त्वाचं, कारण ते कोर्टात गेलं. ओडिशातल्या, टाटांचा सहभाग असलेल्या धामरा बंदरामुळे ऑलिव्ह रिडले कासवांना धोका आहे, असं म्हणत ग्रीनपीस या पर्यावरणवादी संस्थेने २०१० मध्ये पॅक-मॅन या भुतांपासून पळायच्या जुन्या गेमच्या धर्तीवर ‘टर्टल व्हर्सेस टाटा’ हा ऑनलाइन गेम काढला. कासवाच्या मागे टाटांच्या चिन्हासारखी भुतं. टाटा सन्सने दहा कोटींची भरपाई आणि गेम थांबवण्याचा अंतरिम आदेश मागितला. २८ जानेवारी २०११ ला दिल्ली उच्च न्यायालयाने अंतरिम मनाई द्यायला नकार दिला. चिन्ह विडंबनासाठी, सार्वजनिक प्रश्नावर बोलण्यासाठी वापरलंय, आणि असं बोलणं खटल्याआधीच बंद करता येत नाही, असा त्याचा रोख.

म्हणून तुमच्या कायद्याच्या प्रश्नाचं उत्तर सरसकट हो किंवा नाही असं देता येत नाही. अमेरिकेत १९९४ च्या कॅम्पबेल विरुद्ध अ‍ॅकफ-रोझ खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने व्यावसायिक विडंबनही ‘फेअर यूज’, म्हणजे परवानगीशिवाय चालणारा उचित वापर, ठरू शकतं असं म्हटलं, पण मूळ कृतीवरच टीका करणारं विडंबन आणि तिच्या खांद्यावर बंदूक ठेवून भलत्याच विषयावर केलेलं व्यंग, यांत फरकही केला. आपल्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्याच्या कलम ५२ मध्ये समीक्षा-टीकेसाठी उचित वापराची मुभा आहे. विडंबन असा शब्द तिथे नाही. १९९६ मध्ये केरळ उच्च न्यायालयाने सिव्हिक चंद्रन खटल्यात एका नाटकाला उत्तर म्हणून लिहिलेल्या प्रतिनाटकाच्या बाजूने कौल देताना तीन गोष्टी तपासल्या: मूळातलं किती आणि किती मोलाचं घेतलं, हेतू काय, मूळ कृतीच्या बाजाराशी स्पर्धा होते का. याशिवाय कलम ५७ प्रमाणे आपली कृती विकृत करून प्रतिष्ठेला धक्का लावला तर लेखक हरकत घेऊ शकतो. आणि हे सगळं कोर्टात पोचल्यावरचं. प्रत्यक्षात कंपनी नोटीस पाठवते आणि साइट गेम काढून टाकते. २०१६ मध्ये निन्टेन्डोच्या नोटिशीवरून गेम जोल्ट या साइटने पाचशेहून अधिक फॅन गेम काढले. त्यात विडंबन कुठलं आणि नक्कल कुठली, हे निवडत कोणी बसलं नाही.

तेव्हा करायचाच असेल तर मूळ चित्रं, संगीत, नाव उचलू नका. नियमाचं विडंबन करा. कपडे बदलणं तर कोणालाही येतं. वर्गात मी सापाच्या जुन्या गेमचं उदाहरण देतो. २०१६ च्या एप्रिलमध्ये मिरजेहून पाच लाख लिटर पाणी घेऊन पहिली रेल्वे लातूरला आली, त्या उन्हाळ्यातला गेम करायचा. शेपूट म्हणजे टँकरपुढची घागरींची रांग. मूळ गेममध्ये शेपूट वाढली की गुण वाढतात. इथे रांग वाढली की तुमची पाळी लांबते, आणि वळताना स्वतःच्याच रांगेला धक्का लागला की भांडण होऊन टँकर निघून जातो. कोणाचं चित्र घेतलं नाही, नाव घेतलं नाही, पण सापाचा गेम खेळलेल्या प्रत्येकाला काय उलटं केलंय ते पहिल्या मिनिटात कळतं. लातूरच्या मुलांना तर ते सांगावंच लागत नाही.

वारसा म्हणाल तर तो नावानिशी दाखवता येतो. २००२ चा ‘एलियन होमिनिड’ फ्लॅशवरून २००४ मध्ये कन्सोलवर गेला आणि त्यातून बिहेमॉथ ही कंपनी उभी राहिली. २०११ चा ‘द बाइंडिंग ऑफ आयझॅक’ जुन्या झेल्डाच्या तळघरांचा ढाचा घेऊन फ्लॅशमध्येच लिहिलेला. अ‍ॅडम सॉल्ट्समनने अ‍ॅक्शनस्क्रिप्टसाठी केलेली फ्लिक्सेल लायब्ररी (गेमसाठीच्या तयार कोडचा संच) हॅक्सफ्लिक्सेल होऊन जिवंत राहिली, आणि तिच्यावर ऑक्टोबर २०२० मध्ये, फ्लॅशचे शेवटचे महिने चालू असताना, ‘फ्रायडे नाइट फंकिन’ आला. त्यात १९९९ चा पिको परत आला, आणि त्या गेमचा कोड खुला असल्यामुळे त्याचीच असंख्य विडंबनं निघाली.

फ्लॅशचा शेवट थोडक्यात: एप्रिल २०१० मध्ये स्टीव्ह जॉब्जने आयफोनवर फ्लॅश का नको हे जाहीर लिहिलं, जुलै २०१७ मध्ये तोवर फ्लॅशची मालक झालेल्या अ‍ॅडोबीने ते बंद व्हायची तारीख सांगितली, ३१ डिसेंबर २०२० ला आधार संपला आणि १२ जानेवारी २०२१ पासून प्लेअरने फाइल उघडणंच बंद केलं. विकले जाणारे गेम त्यांच्या मालकांनी नव्या रूपात आणले. फॅन गेमला मालकच नव्हता. करणारा पुढे येऊन हक्क सांगू शकत नाही आणि ज्याचं पात्र आहे ती कंपनी तो जपणार नाही. ते वाचवले स्वयंसेवकांनी. २०१८ पासून फ्लॅशपॉइंट या प्रकल्पाने लाखाहून जास्त गेम जमवले. रस्ट या प्रोग्रामिंग भाषेत लिहिलेला रफल हा एम्युलेटर (फ्लॅश प्लेअरचं काम करणारा पर्यायी प्रोग्राम) आज ब्राउझरमध्येच जुनी एसडब्ल्यूएफ चालवतो, आणि नोव्हेंबर २०२० पासून इंटरनेट आर्काइव्ह या ऑनलाइन संग्रहावरही त्याच्याच आधारे फ्लॅश चालतं.

आता तुमची डिस्क. सगळ्यात आधी तिची जशीच्या तशी प्रत काढा आणि काम प्रतीवरच करा. फाइलची नावं बदलू नका, ‘गेम(२)’ असलं नावसुद्धा. तारीख आणि फोल्डरची वाट हाच आता तिचा पत्ता आहे. ‘फ्लॅश प्लेअर डाउनलोड करा’ म्हणणाऱ्या साइटवरून काहीही उतरवू नका, तिथे व्हायरस असतात. रफलची डेस्कटॉप आवृत्ती घ्या. अ‍ॅक्शनस्क्रिप्ट १ आणि २ मधले गेम त्यात बहुतेक चालतील. २००६ नंतरच्या अ‍ॅक्शनस्क्रिप्ट ३ मधले काही अडतील. उघडून नुसताच पांढरा पडदा किंवा कुठल्यातरी साइटचं नाव दिसलं तर फाइल खराब आहे असं समजू नका. बऱ्याच गेमना ‘याच साइटवर चाल’ असं कुलूप असे, काहींचे तुकडे सर्व्हरवर असत. जेपेक्स या डिकम्पायलरमध्ये (तयार फाइल उलगडून दाखवणाऱ्या प्रोग्राममध्ये) आत काय आहे ते बघता येतं, आणि करणाऱ्याचं टोपणनाव बऱ्याचदा तिथे, लोडिंगच्या पडद्यामागे, सापडतं.

मारिओ-सॉनिकवाल्या फाइल्स फ्लॅशपॉइंटच्या यादीत शोधा. बहुतेक आधीच सुरक्षित असतील. त्यात वेळ घालवू नका. मराठी किंवा हिंदी अक्षरं असलेल्या, निवडणुकीवरच्या, क्रिकेटवरच्या, आपल्या सिनेमातल्या संवादांवरच्या ज्या फाइल्स निघतील त्या पहिल्यांदा वेगळ्या काढा. त्यांची दुसरी प्रत कुठे नसण्याची शक्यता मोठी आहे. त्यांतला मजकूर काढायला गेलात आणि इंग्रजी अक्षरांचा गोंधळ हाती आला तर तो शिवाजी किंवा श्रीलिपीत टाइप केलेला असेल, तो फॉन्ट लावून वाचा. आणि मामांना विचारा, कॅफेत येणाऱ्यांपैकी असं काही स्वतः करणारं कोण होतं. त्या माणसाकडे मूळ एफएलए फाइल, म्हणजे फ्लॅशमध्ये काम केलेली संपादन करता येणारी फाइल, अजून असू शकते, आणि ती मिळाली तर गेम आतून कसा बांधलाय ते लेयरसकट दिसेल.